डावा खांदा भिंतीला

"ते कासव तुम्हीच उचललंय, बाईसाहेब," अनिरुद्ध म्हणाला, आणि शेफालीला आधी हसूच आलं. टीमचा प्रमुख झाल्यापासून कुणाला टोमणा मारायचा असला की तो अहो-जाहोवर यायचा, त्यामुळे यात घाबरण्यासारखं काही असेल असं तिला वाटलं नाही. सकाळी तिनं तक्रार नोंदवली होती, की गेममधल्या बुडालेल्या शहरात मोठ्या जिन्याखालच्या हौदात जे हिरवं कासव असायला पाहिजे ते तिथं नाही. असल्या तक्रारी नोंदवायचाच तिला पगार मिळायचा. कल्याणीनगरातल्या एका काचेच्या इमारतीत, बाहेर लख्ख ऊन असताना पडदे ओढून अंधार केलेल्या हॉलमध्ये, ती आणि तिच्यासारखी बरीच माणसं परदेशी कंपन्यांचे अजून बाजारात न आलेले व्हिडिओ गेम दिवसभर खेळायची आणि कुठं काय चुकलंय ते शोधायची. "हे बघा," म्हणत अनिरुद्धनं आपल्या पडद्यावर एक रेकॉर्डिंग लावलं. इथं प्रत्येकाचं खेळणं आपोआप रेकॉर्ड होत असे. गेममधली ती पाठीला पिशवी लावलेली मुलगी जिना उतरून हौदात शिरली, वळायच्या आधी तिनं जागच्या जागी दोन उड्या मारल्या. वळायच्या आधी उगाच दोन उड्या मारायची खोड अख्ख्या हॉलमध्ये फक्त तिची होती. मुलगी कासवापाशी गेली, त्याच्याभोवती एक चक्कर मारली, थोडा वेळ नुसती बघत राहिली, आणि मग तिनं ते उचलून पिशवीत टाकलं. टुंग असा आवाज झाला. पडद्याच्या कोपऱ्यात शेफालीचं नाव होतं आणि कालची तारीख. "काल स्वतः उचललं आणि आज नाही म्हणून बोंब. एकदा नेलेली वस्तू परत तिथं कशी दिसेल?" अनिरुद्ध म्हणाला. "रजा घ्या थोडी. लोणावळ्याला वगैरे जाऊन या." आजूबाजूचे दोघेतिघे हसले. शेफालीही हसली, चांगली मोठ्यांदा हसली, आणि जागेवर येऊन बसल्यावर तिनं दोन्ही हात मांड्यांखाली दाबून धरले.

तिला काही म्हणजे काहीच आठवत नव्हतं. विसरणं तिला माहीत होतं, कुणाला नसतं. दुधाची पिशवी आणायची राहते, ओळखीच्या बाईचं नाव जिभेवर येऊन अडतं. पण त्या विसरण्याला एखादं टोक असतं, ते हाताला लागलं की हळूहळू बाकीचं ओढून बाहेर काढता येतं. इथं टोकच नव्हतं. कालचा डबा तिला आठवत होता, त्यातली भेंडी जरा करपलेली होती तेसुद्धा. एसीच्या गारठ्यावरून झालेली भांडणं आठवत होती. हौदाचा जिना मात्र आज पहिल्यांदाच उतरल्यासारखा वाटला होता. तिथल्या भिंतींवरची शेवाळाची चित्रं बघून 'वा, छान केलंय' असं ती मनाशी म्हणालीसुद्धा होती. म्हणजे कालही ती हेच म्हणाली असेल. तिच्या हातांनी, तिच्या खोडीसकट, दुसरंच कुणीतरी खेळून गेलं होतं आणि जाताना दिवा मालवून गेलं होतं. शेफालीनं ते रेकॉर्डिंग आपल्या पडद्यावर पुन्हा लावलं. कासवाभोवती चक्कर मारून ती मुलगी नुसती उभी राहते ती जागा आली की शेफाली ते थांबवून पुन्हा मागे न्यायची. काय बघत होती ही? आणि आपण तिथं उभ्या असताना आपल्या डोक्यात काय चाललं होतं, हे आता जगात कुणाला विचारायचं?

हे काम ती बरीच वर्षं करत होती आणि त्यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. नव्या पोरांना ती पहिल्याच दिवशी सांगायची, की डोकं लावायला जाऊ नका, दारातून आत शिरलात की डावा खांदा भिंतीला लावा आणि चालत सुटा. खोली असो, गुहा असो, राजवाडा असो, खांदा भिंतीचा सुटू द्यायचा नाही. फिरून पुन्हा दारात येईपर्यंत एकही कोपरा राहत नाही. पोरांना हे कंटाळवाणं वाटायचं. त्यांना उड्या मारत मधूनच जायचं असायचं, आणि मग त्यांच्या हातून कासवं राहायची. ती दुसरंही एक सांगायची. लपवणाऱ्या माणसाची ओळख करून घ्या. गेममध्ये वस्तू लपवणारा माणूस मनानं चांगला असतो, आपण लपवलेलं कुणाला तरी सापडावं म्हणून तो आत कुठंतरी आसुसलेला असतो. म्हणूनच तो खांबामागे विनाकारण उजेड पाडतो, एकच फरशी जरा वेगळ्या रंगाची बसवतो. हा सिद्धांत ती मोठ्या तोऱ्यात सांगायची आणि सांगताना दर वेळी तिच्या मनात अप्पा यायचे, कारण अप्पांचं लपवणं याच्या बरोबर उलट होतं.

अप्पा, म्हणजे तिचे वडील सर्जेराव, धानोरीचे. शेतात कोथिंबीर आणि मेथी काढायची आणि पहाटे मार्केट यार्डात नेऊन टाकायची, यात त्यांचा जन्म गेला. गाव शहरात आलं, जमीन बिल्डरला गेली, तिथं पोहण्याच्या तलावासकट सोसायटी उभी राहिली, तरी अप्पा आपल्या एम-एटीवरून मार्केट यार्डात जायचे, गाळ्यागाळ्यांवर चहा प्यायचे, उगाच जुड्या उचलून नाकाला लावायचे आणि घरी यायचे. एक दिवस ते चालत आले. गाडी कुठंय विचारल्यावर म्हणाले, "कंची गाडी?" आई गेली तेव्हा शेफालीनं त्यांना विश्रांतवाडीला आपल्या फ्लॅटमध्ये आणलं, आणि मग घरातल्या वस्तू पाय फुटल्यासारख्या जायला लागल्या. लायटर तांदळाच्या डब्यात. मनगटी घड्याळ भिंतीवरच्या घड्याळाच्या मागे. पूर्वाचं खोडरबर कुंडीत. पूर्वा तिची मुलगी, दुसरीत होती. तिला हा खेळ वाटायचा आणि सापडलं की ती टाळ्या पिटायची. अप्पांना मात्र त्यात खेळ दिसत नसे. प्रत्येक वस्तू ते फडक्याच्या चिंधीत बांधायचे, वर गच्च दोन गाठी मारायचे, आणि ठेवताना त्यांच्या चेहऱ्यावर जी धास्ती असायची ती बघवत नसे. का ठेवलं विचारलं तर म्हणायचे, "ऱ्हाऊ दे. नीट हाय तिथं." कुणीतरी येऊन सगळं घेऊन जाणार आहे, आधी वस्तू, मग नावं, मग माणसं, हे त्यांना आमच्यातुमच्या आधी कळलं होतं, आणि जे हाताशी होतं तेवढं ते वाचवत होते.

शेफालीला ही धास्ती नवी नव्हती. तिनं ती लहानपणी पाहिली होती, तुळजाबाईआत्याच्या तोंडावर. तुळजाबाई अप्पांची थोरली बहीण. चाळिशी नीट उलटायच्या आधीच ती आपल्याच शेतात वाट चुकायला लागली. भाकरी अंथरुणात लपवून ठेवायची, आणि तू ठेवलीस म्हटलं की पोराबाळांच्या शपथा घेऊन सांगायची की मी नाही, आणि खोटं बोलत नसायची, हीच त्यातली भीतीची गोष्ट होती. तिच्या नवऱ्यानं एक दिवस तिला एसटीत घातलं आणि धानोरीला आणून सोडलं, सोबत एक पिशवी. "बरी झाली की न्या," अप्पा म्हणाले होते. तो बरं म्हणाला आणि पुन्हा आला नाही. पुढच्या वर्षी त्यानं दुसरी केली. आत्याला मग मरेपर्यंत अप्पांनीच जेवू घातलं. दहा वर्षांची शेफाली तिच्या खोलीवरून जाताना पळत जायची. आता शेफालीला अडतिसावं सरत आलं होतं. आपल्या वयाचं आणि आत्याच्या वयाचं गणित तिनं आजवर कधी केलं नव्हतं, म्हणजे करायचं नाही असं ठरवून टाकलं होतं, आणि आज त्या अंधाऱ्या हॉलमध्ये, हेडफोन लावून, पडद्यावरच्या त्या थांबलेल्या मुलीकडे बघताना ते आपोआप झालं. तिला इतकी भीती वाटली की तिनं उठून बाथरूममध्ये जाऊन तोंडावर पाणी मारलं आणि आरशात न बघता परत आली.

घरी जाताना रिक्षात ती स्वतःची परीक्षा घेत राहिली. पूर्वाच्या वर्गशिक्षिकेचं नाव. साईनाथची पहिली नोकरी कुठं होती. साईनाथ तिचा नवरा, तो हिंजवडीला सॉफ्टवेअरमध्ये होता, शांत माणूस, आवाज कधी चढवायचा नाही. सगळी उत्तरं आली. पण याच्यात काय अर्थ आहे, हे तिला तेवढ्यातच कळलं. जे गेलंय त्याच्याबद्दल प्रश्न तरी कसा सुचणार? आपण आपल्याला जे विचारतोय ते सगळं असलेल्यातलंच आहे. नसलेलं कुठं आहे, किती आहे, याचा पत्ता आतून लागत नाही. कालच्या हौदाचं रेकॉर्डिंग होतं म्हणून सापडलं. घरात कुठं कोण रेकॉर्ड करतंय? तिथं किती हौद असे राहिले असतील? आणि मग, रिक्षा येरवड्याच्या सिग्नलला उभी असताना, तिच्या मनात किल्ली आली, आणि आल्याबरोबर तिनं ती झटकून टाकली, कारण किल्ली अप्पांनी लपवली होती. ते ठरलेलं होतं. त्याच्यावर सगळं उभं होतं.

किल्लीची हकीकत अशी. अप्पा घराबाहेर पडून भलतीकडे जायला लागले तेव्हा साईनाथनं सेफ्टी डोअरला आतून कुलूप लावायची पद्धत पाडली आणि किल्ली दारामागच्या हूकला अडकवायची असं ठरलं. अप्पांची नजर सतत त्या हूकवर. मे महिन्यात पूर्वाची शाळा सुटली होती म्हणून शेफाली रजेवर होती, तेव्हा एका दुपारी दाराजवळचा इन्व्हर्टर पेटला. आग फारशी नव्हती, पण काळा कडू धूर मिनिटभरात हॉलभर झाला, शेफालीनं पूर्वाला कडेवर घेतलं, अप्पांचा हात धरला आणि दाराशी गेली, तर हूक मोकळा. अप्पा बावचळून नुसते दाराला हात लावत होते. शेजारच्या बुद्धभूषणनं बाहेरून हातोड्यानं कुलूप तोडेपर्यंत पूर्वानं मान टाकली होती. दवाखान्यात तिला ऑक्सिजन लावला आणि ती सावरली, पण सावरेपर्यंतचा जो वेळ गेला तो शेफालीनं कुणालाच कधी सांगितला नाही. व्हरांड्यात साईनाथनं विचारलं, किल्ली कुठं होती? "हूकला," शेफाली म्हणाली, "पूर्वाच्या गळ्याची शपथ, मी स्वतः हूकला लावली होती." अप्पा बाकावर बसले होते. त्यांनी तिच्याकडे पाहिलं, बराच वेळ पाहिलं, आणि मग जावयाला म्हणाले, "म्या ठिवली." कुठं ठेवली? "ठिवलीया कुठंतरी." साईनाथनं महिन्याभरात खडकवासल्याच्या बाजूला अशा म्हाताऱ्यांना सांभाळणारं एक केंद्र शोधून काढलं, चांगलं होतं, पुढे झाडं होती, आणि शेफालीला विचारलं, आणि शेफाली हो म्हणाली. अप्पांनी आपली पिशवी आपण भरली. जाताना त्यांनी घराकडे वळूनसुद्धा पाहिलं नाही, आणि तिनं तेव्हा मनाशी म्हटलं होतं, की बरं झालं, त्यांना कळत नाहीये.

शनिवारी दुपारी साईनाथ पूर्वाला पोहायच्या क्लासला घेऊन गेला. लिफ्टचं दार लागल्याचा आवाज झाला आणि शेफाली आपल्याच फ्लॅटच्या दारात येऊन उभी राहिली. तिनं डावा खांदा भिंतीला लावला. स्वतःच्या घरात असं चालताना आपण वेड्यासारख्या दिसत असू हे तिला समजत होतं, पण ती चालली. चपलांचं कपाट, टीव्ही, खिडकी, पडद्याची घडी, सगळीकडे हात घालत, हळूहळू. अप्पा केंद्रात जाऊन पाच महिने झाले तरी त्यांच्या पुरचुंड्या निघत होत्या. सोफ्याच्या फटीत सुपारीचं खांड, दोन गाठी. मिक्सरच्या खोक्यात पूर्वाचं एक पैंजण, दोन गाठी. प्रत्येक गाठीबरोबर तिचा जीव हलका होत गेला. हे बघ, सगळं अप्पांचंच काम आहे, ती स्वतःला म्हणाली, किल्लीसुद्धा अशीच निघेल, चिंधीत बांधलेली, आणि मग कासवाचं काय, कासव काय कुणीही विसरेल, दिवसाला शेकडो बघतो आपण. स्वयंपाकघर झालं. पूर्वाची खोली झाली. ती आपल्या बेडरूममध्ये शिरली तेव्हा जवळजवळ गुणगुणत होती. कपाटाच्या तळाशी प्रवासाची बॅग होती, लग्नाकार्याला जाताना काढायची ती. त्या वर्षात कुठं जाणंच झालं नव्हतं. बॅगेच्या आतल्या कप्प्यात सॅनिटरी पॅडचं एक पाकीट होतं, अर्धं वापरलेलं, तोंड दुमडून त्याला कपडे वाळत घालायचा चिमटा लावलेला. शेफाली घरातलं प्रत्येक पाकीट असंच बंद करायची, रव्याचं काय आणि पोह्यांचं काय. तिनं चिमटा काढला आणि आत हात घातला.

किल्ली चिंधीत नव्हती. तिला गाठी नव्हत्या.

ती तिथंच फरशीवर बसली. अप्पा मेले असते पण त्यांनी या पाकिटाला हात लावला नसता. त्यांच्या घरात बायकांच्या या चार दिवसांबद्दल बोलायचीही पद्धत नव्हती. बाथरूमच्या फळीवर असं काही दिसलं तरी ते मान फिरवून बाहेर यायचे. आई आपली बोरमाळ याच कारणानं जुन्या लुगड्याच्या फडक्यांत ठेवायची, की घरातल्या कुठल्याच बाप्याचा हात तिथं जाणार नाही, आणि हे तिनंच शेफालीला शिकवलं होतं. म्हणजे शेफालीनं त्या दिवशी डोकं चालवलं होतं. अप्पा हूकवरून किल्ली काढतात, तर त्यांचा हात जन्मात जाणार नाही अशा जागी ती ठेवावी. शहाणपणाचं होतं. कुणालाही पटेल. फक्त ठेवल्यानंतर ते सगळंच्या सगळं पुसलं गेलं होतं. धूर भरलेला असताना, पोर कडेवर मान टाकत असताना, दारापासून कपाटापर्यंत चार उड्यांचं अंतर असताना, ते परत आलं नव्हतं. तिनं पोरीच्या गळ्याची शपथ घेतली होती आणि ती खोटं बोलत नव्हती. शेफालीनं आत्तासुद्धा डोळे मिटून आठवायचा प्रयत्न केला, हात कसा गेला असेल, चिमटा कसा लावला असेल, निदान चेन ओढल्याचा आवाज. काही नाही. पांढरी भिंत. तिच्या दातांवर दात आपटायला लागले, नोव्हेंबरातली कोवळी दुपार असून. तेवढ्यात बाहेर लिफ्ट वाजली, पूर्वाची बडबड ऐकू आली, आणि शेफालीनं किल्ली कुर्त्याच्या आत सरकवली, बॅग बंद केली, कपाट लावलं. "काय करत्येस?" साईनाथनं दारातून विचारलं. "काही नाही रे. आवरत होते." हे तिच्या तोंडून इतकं सहज गेलं की त्याचीच तिला भीती वाटली.

रविवारी अप्पांना भेटायला जायचं होतं. गाडीत बसतानाच तिनं ठरवलं होतं, की सिंहगड रस्ता लागला की सांगून टाकायचं. किल्ली सापडली. मी ठेवली होती. अप्पांना घरी आणू या. वाक्यं लहान होती, तिनं ती मनात घोकली होती. सिंहगड रस्ता लागला, संपत आला. साईनाथ गाणं लावून गाडी चालवत होता, मधूनच मागे बसलेल्या पूर्वाला कोडी घालत होता. शेफालीला त्याच्या रागाची भीती नव्हती. तो रागावणार नाही, हीच तर पंचाईत होती. तो गाडी बाजूला घेईल, तिचं सगळं ऐकून घेईल, सोमवारी चांगल्यातल्या चांगल्या डॉक्टरची वेळ घेईल. मग एकेक करून गोष्टी तिच्या हातातून काढून घेतल्या जातील, गॅस, स्कूटी, पूर्वाला बसस्टॉपवरून आणणं, आणि प्रत्येक वेळी तो इतक्या मऊ आवाजात बोलेल की तिला भांडताही येणार नाही. आणि एक दिवस तो एखादी चांगली जागा शोधून काढेल, पुढे झाडं असलेली, आणि तिला विचारेल. आत्याच्या नवऱ्यानं एसटीत घातलं, हा गाडीतून आणेल, इतकाच फरक. असं वाटणं साईनाथवर अन्याय करणारं आहे हे तिला कळत होतं, पण भीती न्याय बघत बसत नाही. धरणाचं पाणी दिसायला लागलं. तिनं काहीच सांगितलं नाही.

अप्पा व्हरांड्यातल्या खुर्चीत उन्हाला बसले होते, मांडीवर टॉवेल. वाळले होते. आज ते कुणाला ओळखतील आणि कुणाला नाही याचा नेम नसायचा. "कवा आलीस?" त्यांनी शेफालीला विचारलं, नाव मात्र घेतलं नाही. साईनाथनं वाकून नमस्कार केला आणि पूर्वाला घेऊन तो केंद्राच्या बाईंशी बोलायला आत गेला. व्हरांड्यात दोघंच उरली. शेफाली त्यांच्या पायाशी पायरीवर बसली. तिनं पर्समधून किल्ली काढली आणि तळहातावर ठेवून त्यांच्यापुढे धरली.

अप्पांच्या डोळ्यांत एकदम कुणीतरी येऊन उभं राहिलं. त्यांनी झडप घालावी तशी ती किल्ली उचलली, टॉवेलाखाली घेतली आणि दोन्ही बाजूंना पाहिलं.

"कुनी बघितलं?"

"नाही. अप्पा, तुम्हाला माहीत होतं?"

"तू खोलीत घेऊन गेलीस नव्हं हातात. येताना हात मोकळा. म्या बघत हुतो की. आत कुठं ठिवलीस ते न्हाई दिसलं."

"मग त्या दिवशी दवाखान्यात बोलला का नाहीत?" तिनं विचारलं. "तुम्ही का म्हणालात, मी ठेवली म्हणून?"

अप्पा तिच्याकडे बघत राहिले. दवाखान्याच्या बाकावरून त्यांनी पाहिलं होतं तसंच, बराच वेळ. "पोरीची शपथ घेतलीस तू," ते हळू म्हणाले. "तवाच वळखलं म्या. तुळजा बी अशीच घ्यायची. खरीच वाटायची तिला." टॉवेलाखाली त्यांनी किल्ली मुठीत आवळून धरली. "तिला आनून टाकली त्यानं. हाकून द्यावी तशी. म्या न्हाई हुंऽ का चूं केलं. तुला नांदायचंय अजून. म्याच ठिवली म्हन. माझं काय, मला समदी येडाच म्हनत्यात."

शेफालीला वाटलं होतं की त्यांना कळत नाहीये. पिशवी भरून, मागे वळून न बघता निघालेला हा माणूस सगळं समजून निघाला होता. सगळं हातातून सुटत असताना त्यानं ही एक गोष्ट सहा महिने घट्ट धरून ठेवली होती, स्वतःच्या लेकीचं नाव सुटलं तरी ही सुटू दिली नव्हती. तिला मोठ्यांदा रडावंसं वाटलं. आणि त्याच वेळी, रडण्याच्याही खाली, तिला एक भयानक सुटका वाटली, की कुणाला कळलेलं नाही, कळायची गरज नाही. आणि त्या सुटकेची इतकी लाज वाटली की साईनाथची पावलं ऐकू आल्याबरोबर ती उठून उभी राहिली.

"साईनाथ, किल्ली सापडली," ती म्हणाली. "सेफ्टी डोअरची. मी ठेवली होती. प्रवासाच्या बॅगेत. मीच ठेवली होती आणि मला आठवलं नाही."

साईनाथ तिच्याकडे बघायच्या आधी अप्पांकडे बघायला लागला, कारण अप्पांनी टॉवेलाखालून मूठ बाहेर काढली होती आणि ती त्याच्यापुढे उघडली होती. किल्ली त्यांच्या हातावर होती. "घ्या, सायनाथराव," ते खालमानेनं म्हणाले. "म्याच ठिवली हुती. चुकलं माझं. पोरीला काय बोलू नगा."

"आजोबांकडेच होती!" पूर्वा ओरडली आणि टाळ्या पिटायला लागली.

साईनाथच्या डोळ्यांत पाणी आलं. "अप्पा, अहो, कोण रागावलंय आता? ते कुलूपसुद्धा राहिलं नाही." त्यानं किल्ली घेऊन खिशात टाकली आणि शेफालीच्या खांद्यावर हात ठेवला.

"साईनाथ, ऐक माझं. मी खरं सांगतेय. पॅडच्या पाकिटात होती, त्यांचा हात तिथं जाईल का? तूच सांग."

"शेफाली, पुरे." तो मऊ आवाजात म्हणाला. "त्यांचं सगळं स्वतःवर घ्यायची काय गरज आहे? तुला वाटतं तेवढा मी कोरडा नाही गं. घरी न्यायचं असेल त्यांना तर तसं सांग, बघू काय करता येतं ते. त्यासाठी असलं काहीतरी कशाला रचायचं?"

तिनं त्याच्याकडे पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर फक्त माया होती, आणि त्या मायेत शिरायला कुठं फट नव्हती. पॅडचं पाकीट, चिमटा, हौद, कासव, आत्या, हे सगळं त्याला पुन्हा पहिल्यापासून सांगायला हवं होतं, आणि तिला दिसलं की ते ऐकून तो आणखीच मायेनं मान हलवेल. "चला, पूर्वाला भूक लागलीय," म्हणत तो मुलीचा हात धरून पायऱ्या उतरला. शेफाली नमस्काराला वाकली. अप्पांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला, डोकं खाली ओढून कानाशी तोंड आणलं. त्यांच्या तोंडाला तंबाखूचा तो जुना, घरचा वास होता, आणि चेहरा मोठं काम हातावेगळं केल्यासारखा निवांत.

"झालं," ते म्हणाले. "आता तू सोता सांगितलंस तरी कुनाला कळायचं न्हाई."